वास कुणाचा?

बालमित्रांनो, पोहून आल्यावर डोळे लाल होतात ना? घरचे म्हणतात, "क्लोरीन फार टाकतात मेले!" पण गंमत ऐका. तो झोंबरा वास नुसत्या क्लोरीनचा नसतोच. आपला घाम आणि (हळूच सांगते) कुणाकुणाची शू पाण्यात मिसळली, की क्लोरीनशी संयोग होऊन क्लोरामाइन बनतं. वास त्याचा! जंतू मारायला मोकळं क्लोरीन मग उलट कमीच उरतं. पाण्याचा पीएचही साधारण ७.२ ते ७.८ हवा, त्याहून वाढला, की क्लोरीन सुस्तावतं.

या वासापायी माझ्या वर्गातल्या एकीचं पोहणंच बंद होणार होतं. तिच्या आईला म्हटलं, "ताई, तलावावर आधी एवढं विचारा, सगळी मुलं अंघोळ करून उतरतात का हो?"