परगावची कमाई आणि आपले घर

धानाची कापणी झाली, चुरणे आटोपले की गोंदिया जिल्ह्यातल्या आमच्यासारख्या घरांत एकच प्रश्न उभा राहतो, आता कुठे जायचे? एक-दीड एकराच्या बांधीतले धान वर्षभर पुरत नाही. तलावाचे पाणी ज्यांना मिळते त्यांचे उन्हाळी धान होते. बाकीच्यांची जमीन पावसाळ्यापर्यंत पडून राहते. मे महिन्यातला तेंदूपत्ता म्हणजे थोड्या दिवसांची मजुरी. मग कुणी नागपूरला बांधकामावर, कुणी विटाभट्टीवर, तर कुणी तेलंगणात मिरची तोडायला जातो.

आम्ही दोघेही गेलो आहोत. ठेकेदाराची उचल घेऊन गेलो तेव्हा हिशेब त्याच्याच वहीत राहिला. किती फिटले आणि किती उरले, हे तो सांगेल तेच खरे! विटाभट्टीवर मुले सोबत नेली की त्यांची शाळा बुडते. म्हणून आमच्या मुलीला आजीजवळ ठेवले.

कामासाठी गाव सोडण्यात लाज नाही. बाबासाहेबांनी १९१८ साली भारतातील लहान शेतजमिनींवर निबंध लिहिला. दोष केवळ जमिनीच्या लहान तुकड्याचा नाही, शेतीत भांडवल कमी आणि गरजेपेक्षा जास्त माणसे अडकली आहेत, हे त्यांनी दाखवले. उद्योगधंदे वाढवून ही जास्तीची माणसे कामाला लावावीत, हा त्यांचा उपाय होता. पण आमचे काय होते? चार महिने बाहेर राबतो आणि पावसाळ्यात पुन्हा त्याच तुकड्यावर येतो. धंदा शिकत नाही, भांडवल साठत नाही.

आफ्रिकेतल्या लेसोथो या लहान देशाचे असेच झाले. १९८० च्या दशकात तिथले लाखाच्या वर पुरुष शेजारच्या दक्षिण आफ्रिकेत खाणींत राबत. त्यांच्या पैशावर घरे चालत. १९९० च्या दशकात सोन्याच्या खाणींनी कामगार कमी केले, हजारो माणसे परतली आणि गावात त्यांना पुरेल असे काम नव्हते. बाहेरचा पैसा चूल पेटवतो, पण त्यातून गावात काम उभे राहिले नाही तर तो थांबताच चूलही थंडावते.

२०२० च्या टाळेबंदीत आपण हेच पाहिले. हैदराबादेहून माणसे लेकरे घेऊन पायी निघाली. कितीतरी जणांचे नाव कुठल्याच नोंदीत नव्हते. २०२१ साली असंघटित कामगारांसाठी ई-श्रम नोंदणी सुरू झाली. रेशनचे धान्यही आता परराज्यात घेता येते. पण कार्ड पेटीत ठेवून काय उपयोग?

आमच्या घरात आम्ही तीन गोष्टी ठरवल्या. उचल शक्यतो घ्यायची नाही. हजेरी आणि मजुरी आपल्या वहीत लिहायची. आता ही वही मुलगीच लिहिते. आणि कमाईतला पहिला वाटा तिच्या शिक्षणाला, दुसरा बचत गटात, मग घरखर्च.

एवढ्याने जिल्ह्याचा विकास होणार नाही. तेंदूपत्ता गाड्या भरून बाहेर जातो आणि त्याच्या मागोमाग आपली माणसेही. इथल्या मालावर इथेच बारमाही काम उभे राहावे, ही मागणी ग्रामसभेत आपणच केली पाहिजे. बंधू-भगिनींनो, यंदा निघण्याआधी ग्रामसभेला जरूर जा, आणि जाताना स्वतःची वही सोबत न्या.