एकुलता एक

आमचा एकुलता एक मुलगा फ्रान्समध्ये लियों शहरी असतो. २०२२ च्या हिवाळ्यात त्याने कळविले, की घरे १९ अंशांहून अधिक तापवू नयेत असे सरकारचे सांगणे असून, प्रसंगी दोनदोन तास वीजही बंद राहील. आमच्या सौभाग्यवती चकित होऊन म्हणाल्या, "अहो, इतक्या सधन देशातही दिवे जातात?"

दिवे गेले नाहीत. प्रश्न मात्र माझ्या मनातून गेला नाही.

१९७३ साली तेलाचे भाव भडकले, तेव्हा फ्रान्सपाशी ना पुरेसे तेल होते, ना पुरेसा कोळसा. १९७४ च्या मार्चमध्ये पंतप्रधान मेस्मेर यांनी अणुशक्तीची कास धरली, आणि पुढील दोन तपांत ५० हून अधिक अणुभट्ट्या उभ्या राहिल्या. आज त्या देशातील १०० दिव्यांपैकी ६५ तरी तिच्याच बळावर तेवतात. भट्ट्या अवघ्या तीन आकारांच्या. म्हणून काम झपाट्याने झाले, आणि कोळशाचा धूरही टळला.

परंतु जो गुण, तोच दोष! २०२१ च्या अखेरीस एका भट्टीच्या नळ्यांत बारीक तडे आढळले, आणि संशय तिच्या बहिणींवरही गेला. नेहमीची देखभाल व ही नवी तपासणी मिळून पुढच्या उन्हाळ्यात निम्म्या भट्ट्या बंद होत्या. त्यातच ऱ्होन नदीचे पाणी तापल्याने काठच्या भट्ट्यांनाही हात आखडता घ्यावा लागला. एरवी शेजाऱ्यांना वीज विकणाऱ्या या देशाने त्या वर्षी, १९८० नंतर प्रथमच, विकली त्याहून अधिक वीज विकत घेतली.

ही हकीकत वाचून मी मनाशी हसलो होतो. सारी भिस्त एकावर ठेवावीच कशाला? गेल्या पावसाळ्यात मी एकाएकी आजारी पडलो. मुलाला रजा मिळेना. मध्यरात्री मला दवाखान्यात नेले ते समोरच्या बिऱ्हाडातील गृहस्थांनी. दहा वर्षांत मी त्यांच्याशी दहा वाक्येही बोललो नव्हतो. "आमचा मुलगा आहे ना!" या भरवशावर मला शेजाऱ्यांची गरजच कधी वाटली नव्हती.

फ्रान्सने आपल्या भट्ट्या टाकून दिल्या नाहीत. दुरुस्त केल्या, आणि २०२४ साली वीज विकण्याचा उच्चांकही गाठला. आमचा मुलगाही पुढे महिनाभर येऊन राहिला. त्याच्यावरील आमचा विश्वास तसूभरही उणावलेला नाही. मात्र हल्ली संध्याकाळी मी समोरच्या बिऱ्हाडी जाऊन घटकाभर बसतो.