शेवटची फवारणी कधी केली?

भूल देण्याआधी रुग्ण तपासायला बसले की मी एक प्रश्न हमखास विचारते: शेवटची फवारणी कधी केली? छापील फॉर्मवर त्याला रकाना नाही. पण लासलगावच्या आसपास, साऱ्या निफाड तालुक्यात, मला तो रक्तदाबाइतकाच महत्त्वाचा वाटतो. ऑक्टोबर छाटणी झाली की द्राक्षबागेत फवारणी सुरू होते, कांद्यावर थ्रिप्स आले की तिथेही. क्लोरपायरीफॉससारखी औषधं कातडीतून आणि श्वासातून अंगात जातात, आणि कोलिनएस्टरेज नावाचं विकर निकामी करतात. घशात नळी घालताना स्नायू सैल पडावेत म्हणून आम्ही स्कोलीन देतो. ते मोडून टाकायचं काम याच विकराच्या कुळातलं एक रक्तात करत असतं. ते कमी पडलं तर एरवी पाच-दहा मिनिटांत ओसरणारा अंमल लांबतो. ऑपरेशन संपतं आणि माणूस स्वतःचा श्वास घेत नाही. आधी कळलं तर मी दुसरं औषध निवडते. मात्र विचारताना शब्द जपावे लागतात. ‘औषध अंगात गेलं का’ म्हटलं की इकडे भलताच अर्थ निघतो आणि नातेवाईक ताठरतात. म्हणून बागेचीच चौकशी करायची: किती एकर, पंप पाठीवर की ट्रॅक्टरला, तोंडाला काही बांधता का, हात धुऊन जेवता का.

हृदयाची ताकद जोखायला पुस्तक सांगतं, दोन जिने न थांबता चढता का ते विचारा. मळ्यातल्या घराला जिना कुठला? मी खळ्यावर कांदा निवडणाऱ्या मावशींना विचारते, भरलेली पाटी डोक्यावर घेऊन किती अंतर जाता, मध्ये टेकावं लागतं का, मागच्या वर्षी लागत होतं का. मागच्या वर्षी नव्हतं आणि यंदा लागतं, हे वाक्य ऐकलं की ईसीजी कितीही सरळ असो, मी इको सांगते. खळ्यातल्या धुळीनं दमा लागलेलेही बरेच असतात. त्यांच्या पिशवीत कधी कधी कुणीतरी दिलेली बिननावाची पुडी निघते. अशा पुड्यांत स्टेरॉइड असू शकतं. ते महिनोन्महिने पोटात गेलेलं असलं तर ऑपरेशनच्या ताणात रक्तदाब एकाएकी कोसळू शकतो. म्हणून घरातली सगळी औषधं पिशवीसकट आणायला सांगते.

मग तोंड उघडायला लावते. मूळचे आंध्रचे डॉ. शेषगिरी राव मल्लमपाटी यांनी 1985 मध्ये मांडलेली ही तपासणी आज जगभर चालते: समोर बसवायचं, जीभ बाहेर काढायला लावायची आणि पडजीभ कितपत दिसते ते पाहायचं. महाराष्ट्रात 2012 पासून गुटख्याला बंदी आहे, तरी माझ्यासमोर पंचविशीतली अशी मुलं बसतात की ज्यांच्या तोंडात दोन बोटं जात नाहीत. सुपारीनं गाल आतून आखडलेले असतात. नळी कशी घालायची याचा विचार तिथेच, दिवसाढवळ्या करावा लागतो. टेबलावर सुचून उपयोग नसतो.

बायकांच्या बाबतीत नवरा किंवा सासू उत्तरं देते. मी सगळ्यांना बाहेर बसायला सांगते. एकट्या झाल्या की मिश्रीचं निघतं, चुकलेल्या पाळीचं निघतं, जिना नसलेल्या घरातही चुलीपासून हापशापर्यंत दम लागतो ते निघतं. सुरगाणा, पेठकडून मजुरीला आलेल्या आदिवासी कुटुंबांत सिकलसेल आढळतो. त्यांची ती तपासणी मी टाळत नाही. थंडी, कोरडं पडलेलं शरीर आणि प्राणवायूची तूट या तिन्ही गोष्टी ऑपरेशन थिएटरात सहज घडतात, आणि या आजारात त्याच घातक असतात.

उपाशी राहण्याचंही सविस्तर बोलावं लागतं. साधं पाणी दोन तास आधीपर्यंत चालतं, दुधाच्या चहाला सहा तास हवेत. चहा म्हणजे खाणं, असं इथं कुणी धरत नाही. चतुर्थीला तर ‘उपास आहे’ म्हणणाऱ्याच्या पोटात साबुदाण्याची खिचडी असते. भुलेत ती उलटून फुप्फुसात गेली तर जीव जाऊ शकतो, हे मी स्पष्ट सांगते. घाबरवू नका असं घरचे म्हणतात. मला वाटतं, ज्याच्या जिवावर ते बेतणार आहे त्याला ते ठाऊक असायलाच हवं.

आणि तारीख. हर्निया, गर्भाशय, पित्ताशयाचे खडे अशी थांबू शकणारी ऑपरेशनं लोक स्वतःच कांद्याच्या हिशेबानं ठरवतात: उन्हाळ कांदा निघाला, चाळीत पडला, थोडा मार्केटला गेला, मग. सर्जनची हरकत नसेल तर मलाही ते सोयीचं वाटतं. सात ग्रॅम हिमोग्लोबिन लोहाच्या गोळ्यांनी वर यायला आठवडे लागतात, बिडी सोडल्यावर छाती सुधारायला महिना तरी हवा, साखरही तेवढ्यात आटोक्यात येते. म्हणून केसपेपरवर तारीख टाकण्याआधी मी विचारते, ‘नाना, काढणी कधी उरकते?’ ते एप्रिलअखेर म्हणतात. मी मेचा दुसरा आठवडा लिहिते, त्याखाली गोळ्या लिहिते, आणि बिडीचं बंडल टेबलावर ठेवून जायला सांगते.