बांधावरून पत्र

धेरंड, ता. अलिबाग

प्रिय बाय,

खारातली जमीन विकायची का, असं तू विचारलंस. फोनवर मी नुसतं ‘बघू’ म्हणालो. आज लिहितो.

श्रावणातल्या अमावास्येच्या उधाणाला बाहेरच्या बांधाला खांड गेली. रातोरात खाडी शेतात. चार दिवसांनी भाताचं आवण तांबूस पडलं आणि चिखल वाळला तशी वर मिठाची पांढरी साय धरली. बोट लावून चाखली, खारटढोण. पनवेलच्या केंद्राचं खार सोसणारं बियाणं होतं ते. पण थोडा खार सोसणं वेगळं आणि समुद्रात उभं राहणं वेगळं. आता जमीन गोडी व्हायला तीन पावसाळे तरी जातील.

बांधातल्या पाणी सोडायच्या उघाडीच्या दगडावर बाबांनी कोरलेली उधाणाची खूण आठवते? त्या रात्री पाणी तिच्यावर चार बोटं चढलं होतं. 1901 ते 2018 या काळात जगातला समुद्र सरासरी वीतभर वाढला. पाणी तापून फुगतं, बर्फ वितळतं. वीतभर म्हणजे काय, असं शहरात वाटेल. आपली जमीन मुळात भरतीच्या पातळीखाली आहे, बाय. इथे वीतभर म्हणजे घरातले वर्षाचे तांदूळ. त्यात अरबी समुद्र तापतोय, वादळांना बळ मिळतंय. 2020 च्या 3 जूनचं ‘निसर्ग’ तू पाहिलंसच.

पण सगळा दोष समुद्राला देणं मला पटत नाही. पूर्वी घरटी एक माणूस बांधावर यायचा, खेकड्याचं बीळ दिसलं की तिथल्या तिथे चिखलाने बुजवायचा. ते आपणच सोडलं. शेजारच्या खारात खांड तशीच राहिली, आत कांदळ रुजलं. आता ते कायद्याने तोडता येत नाही. बांधाबाहेरचं तर तोडूच नये, लाट तेच अडवतं. खांड वेळेवर बुजवली असती तर ते आत आलंच नसतं.

पडीक खार स्वस्तात घ्यायला माणसं फिरताहेत. तू सही करू नकोस.

होळीनंतरच्या अष्टमीला भांगाचं पाणी असेल, भरती कमी चढेल; खांड बुजवायचं काम तेव्हाच होतं. पोरांना घेऊन ये. अकरा घरं तयार आहेत, बारावं आपलं.

तुझा,
दादा