उभं राहण्याची जागा

प्रिय मुक्ता,


तुझं पत्र आणि सोबतची रेखाटनं मिळाली. तुझ्या त्या कल्पित वाळवंटी राज्याच्या वेशीवर, नाण्यांवर, पोरांच्या दंडावर गोंदलेला अशक्य त्रिकोण पाहिला. रेषा सुरेख आल्यात. पण ‘हे चिन्ह त्या लोकांचं वाटतं का?’ असं तू विचारलंस, तर मला ते अजून तसं वाटत नाही. ते जागोजागी काढलंय, पण त्या आकृतीपायी कुणाच्या जगण्यात काही बदललेलं दिसत नाही.

जुळणं अशक्य अशा तीन तुळयांची ही आकृती कुठून आली ते तुला ठाऊकच आहे. 1934 मध्ये ऑस्कर रॉयटर्सव्हार्ड या स्वीडिश शाळकरी मुलाने लॅटिनच्या तासाला ठोकळे काढता काढता ती काढली. 1982 मध्ये स्वीडनने त्याच्या अशक्य आकृत्या टपालतिकिटांवर छापल्या. लायोनेल आणि रॉजर पेनरोझ या बापलेकांना रॉयटर्सव्हार्डच्या आकृतीची खबर नव्हती. रॉजरने 1954 साली अ‍ॅमस्टरडॅमला चित्रकार एशरची चित्रं पाहिली, त्या भारावलेपणात त्रिकोण रचला आणि 1958 मध्ये दोघांनी मानसशास्त्राच्या नियतकालिकात तो प्रसिद्ध केला. म्हणजे स्वीडनने तिकिटांवरून ती आकृती घरोघरी पोचवली, तरी ती त्या देशाची खूण झाली नाही. नुसतं छापून चिन्ह होत नाही, मुक्ता.

मी इतकी वर्षं पॉलिटेक्निकमध्ये ड्रॉइंग शिकवलं, म्हणून मला ही आकृती मुळातून बघायची सवय आहे. आयसोमेट्रिक चित्रात जवळची आणि लांबची कड सारख्याच मापाची निघते. ठोकळा थेट नजरेच्या रेषेत मागे सरकवला, तरी कागदावर तो जागचा हलत नाही. खोली अशी हरवते, म्हणूनच खूप मागचं टोक पुढच्या टोकाला चिकटलेलं दाखवता येतं. तिन्ही कोपरे काटकोनी वाटतात, म्हणजे बेरीज 270 अंश! एकेक कोपरा झाकून बघ, उरलेल्यात काही खोट सापडत नाही. खोट कुठल्याच एका कोपऱ्यात नाही, ती तिन्ही एकत्र आणण्यात आहे.

ही आकृती प्रत्यक्षात उभी करता येते, हे मात्र तुझ्या कामाचं. ऑस्ट्रेलियात ईस्ट पर्थच्या एका चौकात ब्रायन मॅके आणि अहमद अबास यांनी 1999 मध्ये तिचं 13.5 मीटर उंच शिल्प केलं. खरं तर ते तीन तुळयांचं उघडं, तोंडं न जुळलेलं बांधकाम आहे. ठरावीक जागी उभं राहिलं की त्रिकोण बंद होतो. चार पावलं बाजूला सरकलं की उघडा पडतो.

माझं सगळं म्हणणं याच जागेबद्दल आहे. वर्तुळ जवळपास कुठूनही वर्तुळ म्हणून ओळखता येतं, म्हणून ते सगळ्यांचं होऊ शकतं. अशक्य त्रिकोण एका जागेचा असतो. मग ज्या समाजाने तो पवित्र मानला, त्याला पहिल्याच दिवशी ठरवावं लागेल की त्या जागेवर उभं कोण राहणार? पुजारी? आयुष्यात एकदाच, वयात येताना, प्रत्येक मूल? की त्यासाठी रांग लागते, आणि रांगेत पुढे कोण हे जन्मावर ठरतं? ज्यांना तिथे कधीच जाता येत नाही, ते रोज त्या तीन वेड्यावाकड्या तुळयांखालून जाताना काय मानत असतील? तुझी संस्कृती या प्रश्नांमध्ये आहे, गोंदणात नाही.

ही जागा कुणाकडे असते, हे बघायला ‘मॉन्युमेंट व्हॅली’ पुन्हा खेळून बघ. लंडनच्या उस्टू गेम्सने 2014 मध्ये काढलेला हा खेळ मला फार प्रिय आहे. एशरचं ‘असेंडिंग अँड डिसेंडिंग’ डोळ्यांसमोर ठेवून डिझायनर केन वाँगने त्याचं सुरुवातीचं चित्र काढलं होतं. मनोरे बांधणारे लोक नाहीसे झालेत, आणि त्यांची पवित्र भूमिती परत ठेवायला राजकन्या इडा निघाली आहे. आपण बोटाने मनोरा फिरवतो, दोन तुटके पूल चित्रात जुळतात, आणि जुळले की इडा त्यावरून चालत जाते. पण जुळलेलं दिसतं ते आपल्याला. ती जागा आपल्याकडे आहे, इडाकडे नाही. तिला न दिसणाऱ्या वाटेवर ती पाऊल टाकते, आणि माझ्या मते त्या खेळातली श्रद्धा म्हणजे हेच पाऊल. त्यासाठी एकही प्रार्थना लिहावी लागलेली नाही.

तुझ्या राज्यात तीन कुळं आहेत, असं तू लिहिलंयस. मग प्रत्येकाला एकेक कोपरा राखायला दे. प्रत्येकाचा कोपरा बिनचूक असेल, आपलं खरं आहे असं तिघंही छातीठोकपणे सांगतील, आणि ते खरंही असेल. भांडण लागेल ते तिन्ही कोपरे जुळतात की नाही यावरून. तुला कथेसाठी वेगळा शत्रू शोधावा लागणार नाही.

पुढच्या वेळी चिन्ह पाठवू नकोस. गावाचा वरून पाहिलेला नकाशा पाठव. त्यात तुळया कुठे रोवल्या आहेत, बघायची जागा कुठे आहे आणि तिथवर जाणारा रस्ता कुणाच्या दारावरून जातो, तेवढं दाखव. स्केल लिहायला विसरू नकोस. तुळयांची मापं मी काढून देईन.

तुझी,
शमामावशी