एकवीरेच्या शेजारचं लेणं

चि. मयुरेश,


एकवीरा देवीच्या फोटोत देवळाला लागून दिसणारी ती प्रचंड कमान कसली, असं तुझ्या लेकीने विचारलं आणि तू ‘जुनी गुहा’ म्हणून मोकळा झालास. एवढ्यावर सोडू नकोस रे.

ते कार्ल्याचं चैत्यगृह. इसवी सनाच्या पहिल्या-दुसऱ्या शतकात बौद्ध भिक्षूंसाठी अखंड कातळात कोरलेलं. आत सुमारे ३८ मीटर लांब दालन, दोन्ही अंगांना खांबांच्या रांगा, टोकाला स्तूप. खांब एकूण ३७. स्तूपामागचे ७ साधे अठकोनी, बाकीच्यांच्या माथ्यावर हत्ती आणि त्यांवर बसलेली माणसं. छताला मात्र कमानदार लाकडी फासळ्या आहेत. कातळाला त्यांच्या आधाराची गरजच नव्हती! पण पूर्वी अशी सभागृहं लाकडाची असत. तोच घाट पाथरवटांनी दगडात उतरवला आणि फासळ्या खऱ्या लाकडाच्या बसवल्या. मावळातल्या एवढ्या पावसाळ्यांनंतरही त्या टिकून आहेत, स्तूपावरची लाकडी छत्रीसुद्धा.

मला सगळ्यांत मोलाची वाटतात ती ब्राह्मीत कोरलेली नावं. हे काही एका राजाचं काम नाही. वैजयंतीचा, म्हणजे आजच्या कर्नाटकातल्या बनवासीचा, भूतपाल शेठ अभिमानाने सांगतो की जंबुद्वीपातलं हे सर्वोत्तम शैलगृह आपण पुरं केलं. धेनुकाकट गावच्या यवनांनी (तेव्हा ग्रीकांना असं म्हणत) खांब दिले. त्याच गावच्या सामी नावाच्या सुताराने दार घडवलं आणि तिथे स्वतःचं नाव राखलं. राजांच्या बाजूने क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याने भिक्षूंसाठी एक गाव दान दिल्याचा लेख आहे.

एवढा पैसा या डोंगरात आला, कारण खालून बोरघाटाची वाट जाते. कल्याण, सोपारा, चौल या बंदरांचा माल याच बाजूने घाटावर चढायचा. म्हणजे आपल्या कोळ्यांच्या किनाऱ्याशी या लेण्याचं नातं फार जुनं आहे. तरीही आपण देवीची ओटी भरतो आणि बाजूच्या दारात डोकावतही नाही, याचं मला खरोखर वाईट वाटतं.

पुढच्या चैत्रात याल तेव्हा दर्शन झाल्यावर लगेच पायऱ्या उतरू नका. लेण्याचं तोंड पश्चिमेला आहे, म्हणून दुपार कलल्यावर आत जा आणि लेकीला दारावरचं त्या सुताराचं नाव दाखव.

तुझी आत्या