गारगोटी

माझा नातू सुटींत एक जाडजूड पुस्तक घेऊन बसला आहे. त्या पुस्तकांत एक कल्पित राज्य आहे आणि तेथल्या जादूगारांपाशीं नाना रंगांचे स्फटिक आहेत. निळा स्फटिक मुठींत धरला कीं काळ थांबतो, तांबडा धरला कीं मागें फिरतो. जेवायला तीनदां हांक मारावी, तेव्हां कोठें हे चिरंजीव वर्तमानकाळांत उतरतात! काल रात्रीं पानावर बसल्याबसल्या त्यानें मला विचारलें, "आजोबा, असे खडे खरेच असतात का?"

असल्या प्रश्नाला वडीलधाऱ्या माणसानें काय उत्तर द्यावें, तें ठरलेलें आहे. मीं तें दिलें नाहीं. जेवण आटोपल्यावर कपाटांतला जुना डबा उघडला आणि त्यांतली बोटभर लांबीची एक गारगोटी त्याच्यापुढें ठेवली.

ही गारगोटी कळवणची. तेथें गिरणेच्या खोऱ्यांत आजोबांची थोडी शेती होती आणि शेतांत एक विहीर होती. १९७२ च्या दुष्काळांत ती आटली. पुढच्या उन्हाळ्यांत, परीक्षा संपवून मी नाशिकहून आजोळच्या नव्हे, वडिलांच्याच या घरीं आलों, तेव्हां विहीर खोल करण्याचें काम चाललें होतें. मी नऊ वर्षांचा होतों. सुरुंग उडत असतां आम्हां मुलांना घरांत कोंडून ठेवीत. धूर निवळला म्हणजे काठावर जाऊन बसण्याची मुभा असे. एके दिवशीं काळा पाषाण फुटला आणि आंत नारळाएवढी पोकळी निघाली. तिच्या भिंतींवर पाणीदार, टोंकदार स्फटिक दाटीनें उभे होते. खोदणाऱ्या म्हाताऱ्या गड्यानें त्यांतला एक माझ्या हातावर ठेवला. पाणी मात्र त्या दिवशींही लागलें नाहीं.

सप्तशृंगीचा कडा ज्या खडकाचा आहे त्याच खडकांतली ही पोकळी. सुमारें साडेसहा कोटी वर्षांपूर्वी तप्त शिलारसाचे थरावर थर पसरले, त्यांत वायूचे बुडबुडे अडकले आणि रस थिजल्यावर त्या रिकाम्या जागा राहिल्या. पुढें खडकांतून झिरपणाऱ्या पाण्यानें विरघळलेलीं द्रव्यें तेथें आणून ठेवलीं आणि कणाकणानें हे स्फटिक वाढले. सिन्नरजवळ 'गारगोटी' याच नांवाचें एक संग्रहालय आहे. तेथें अशा स्फटिकांचीं दालनेंच्या दालनें भरलेलीं आहेत. तीं पाहायला मी दोनदां गेलों आणि दोन्ही वेळां लवकर बाहेर आलों.

कारण असें, कीं त्याच उन्हाळ्यांत आजी अंथरुणाला खिळली होती. डॉक्टर ओसरीवर काकांना म्हणाले, "आतां फार वेळ नाहीं." वेळ कोठून येतो हें मला पक्कें ठाऊक होतें. तो माजघरांतल्या किल्लीच्या घड्याळांतून येत असे. युद्धाच्या काळांत, १९४२ सालीं, सरकारनें देशांतलीं घड्याळें एक तास पुढें सरकविलीं होतीं. तीन वर्षांनीं तीं मागें आणलीं. आजोबा ती गोष्ट हंसत सांगत आणि पुस्ती जोडीत, "आमच्या कोंबड्यानें कांहीं हुकूम मानला नाहीं." (तसें पाहतां घड्याळाच्या बारांनंतर कळवणचा सूर्य माथ्यावर येण्यास सरासरी ३४ मिनिटें लागतातच.) तेव्हां सरकारला जें जमतें तें मला कां जमूं नये, असें मला वाटलें असल्यास नवल नाहीं. रात्रीं सगळीकडे निजानीज झाल्यावर मीं स्टुलावर चढून घड्याळाची कांच उघडली आणि लंबक व पेटीची भिंत यांच्यामध्यें माझी गारगोटी बसविली. टिकटिक थांबली. घर एवढें शांत झालें कीं साधलें, असेंच मला वाटलें.

काका पहांटेच्या पहिल्या एस. टी. नें नाशिकला जाऊन माझ्या वडिलांना, अण्णांना, घेऊन येणार होते. कित्येक रात्रींच्या जागरणानें ते थकले होते. पांचाचे टोले ऐकून उठायचें, एवढ्या भरंवशावर ते निजले. टोले पडले नाहींत. गाडी गेली. पुढची गाडी मिळून अण्णा घरीं पोंचले तेव्हां दिवेलागण झाली होती. आजी दुपारपर्यंत "आला का रे?" म्हणून विचारीत होती. त्यानंतर तिनें विचारलें नाहीं. पहांटे ती गेली.

तिसऱ्या दिवशीं अण्णांनीं किल्ली द्यायला घड्याळ उघडलें. मी दारांत उभा होतों. गारगोटी त्यांच्या हातीं लागली. त्यांनीं ती पाहिली, मग मला पाहिलें आणि ती सदऱ्याच्या खिशांत टाकली. आम्हीं नाशिकला निघालों त्या सकाळीं त्यांनीं ती माझ्या तळहातावर ठेवून माझीं बोटें मिटलीं. कांहीं बोलले नाहींत. काकांना त्यांनीं सांगितलें कीं नाहीं, हें मला कधींच कळलें नाहीं.

अण्णा निवृत्त झाले तेव्हां मीं त्यांना किल्ली न लागणारें मनगटी घड्याळ आणून दिलें आणि उत्साहाच्या भरांत त्याची सगळी हकीकत सांगूं लागलों. दाब दिला कीं कांहीं स्फटिकांत वीज उपजते, हें क्यूरी बंधूंनीं १८८० सालीं पॅरिसमध्यें शोधलें. उलट, वीज दिली कीं ते नियमानें थरथरतात. त्या गुणावर अमेरिकेंत १९२७ सालीं पहिलें घड्याळ चाललें. तें मनगटावर आणण्यास १९६९ साल उजाडावें लागलें, आणि तें जपानांत. आंतला नखाहून लहान तुकडा सेकंदाला ३२,७६८ वेळां कांपतो. ही संख्या पंधरा वेळां निम्मी करीत गेलें कीं बरोबर एक उरतो.

"तुकडा कशाचा म्हणालास?" अण्णांनीं विचारलें.

मला थांबावें लागलें. "गारगोटीचाच. पण कारखान्यांत वाढविलेल्या."

अण्णांनीं घड्याळ कानाशीं धरलें, मग मनगटावर बांधलें. "हें चालतें नीट?" ते म्हणाले.

"चालतें."

"मग बरें." आणि त्यांनीं वर्तमानपत्र उघडलें. त्यानंतर ते बारा वर्षें होते. विचारायला वेळ पुष्कळ होता.

नातवाला मीं यांतलें विहिरीपर्यंतचेंच सांगितलें. त्यानें गारगोटी मुठींत घट्ट धरली, डोळे मिटले आणि बराच वेळ तसाच बसून राहिला. मग एक डोळा किलकिला करून त्यानें विचारलें, "आजोबा, किती वाजले?"

मीं मनगटाकडे पाहिलें. घड्याळ अण्णांचेंच आहे. नऊ वाजून बारा मिनिटें झालीं होतीं.